तिकीट कोणाचं, बक्षीस कोणाचं? वर्गणी करून लॉटरी घेणाऱ्यांनी हे वाचा



नागपूर आपल्याला जवळ. कामानं गेलं की येताना महाराष्ट्र राज्य लॉटरीचं तिकीट खिशात घालून आणणारे आपल्यात बरेच आहेत. कधी एका डोंग्यावरचे पाचजण मिळून पैसे टाकतात. लागत नाही तोवर सगळं गोड. लागलं की मात्र ज्याच्या खिशात तिकीट, तो म्हणतो "माझं". म्हणून कायदा काय म्हणतो, ते समजून घेऊ.

तिकीट म्हणजे हक्क
2006 मध्ये सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांनी विक्रीकराच्या एका वादात सांगितलं, की लॉटरीचं तिकीट हा माल नाही. नंबर लागला तर बक्षीस मागायचा तो हक्क आहे. आणि हा हक्क दाखवायचा पुरावा म्हणजे मूळ तिकीट. म्हणून घेतल्याबरोबर मागे नाव, पत्ता लिहा, सही करा. दोन्ही बाजूंचा फोटो काढून ठेवा. भांडण झालं तर फोटो कामी येतो, पण नुसत्या फोटोवर बक्षीस मिळत नाही. डोंग्यावर तर तिकीट नेऊच नका, भिजलं की गेलं.

मुदत चुकली की पैसे सरकारचे
लॉटरीचा केंद्राचा कायदा 1998 चा आहे. ठरलेल्या मुदतीत बक्षीस मागितलं नाही, तर ते त्या राज्य सरकारचं होतं, असं त्यातच लिहिलं आहे. केरळात ही मुदत 30 दिवसांची. प्रत्येक राज्याची वेगळी, म्हणून नियम आधीच पाहून ठेवा.

पाचजणांचं एक तिकीट
इंग्लंडमध्ये 1955 साली एक खटला झाला. आजी, नात आणि घरातली भाडेकरू बाई मिळून पेपरातल्या स्पर्धेत भाग घेत. अर्ज आजीच्या नावावर. 750 पौंड लागले आणि आजीनं वाटा नाकारला. कोर्टानं भाडेकरू बाईला तिसरा हिस्सा, 250 पौंड, द्यायला लावले. तिथला निकाल आपल्या कोर्टावर बंधनकारक नाही. आपल्याकडे पैजेच्या कराराला कोर्ट मानत नाही. पण 1959 मध्ये सुप्रीम कोर्टानं म्हटलं, की पैजेच्या धंद्यातली दोघांची आपसातली भागीदारी तेवढ्यानं बेकायदेशीर होत नाही. जुन्या मुंबई प्रांतातला कायदा मात्र याहून कडक. म्हणजे कोर्टात काय होईल याचा भरवसा नाही, आणि तोंडी बोलणं सिद्ध करणं तर त्याहून कठीण.

उलटं उदाहरणही आहे. 2021 मध्ये केरळातल्या एका लॉटरी विकणाऱ्या बाईनं फोनवर उधार राखून ठेवलेलं तिकीट गिऱ्हाईकाला नेऊन दिलं. पैसे अजून यायचे होते, आणि त्यावर 6 कोटी लागले होते! असं मन सगळ्यांचं नसते, बाप्पा.

वाटणीचा हिशोब
खरी ठिणगी इथं पडते. समजा 1 लाख लागले. 30 टक्के, म्हणजे 30,000 आधीच कापले जातात. ज्याच्या पॅनवर पैसे आले, त्याला वर 1,200 उपकर भरावा लागतो. उरले 68,800. पाचजणांत प्रत्येकी 13,760, वीस हजार नाही! हे आधी माहीत नसलं, की "यानं पैसे खाल्ले" असं होते.

म्हणून तिकीट घेतानाच साध्या कागदावर लिहा: तारीख, तिकिटाचा नंबर, कोणी किती टाकले, तिकीट कोणाजवळ राहील, कर कापून वाटे कसे. सगळ्यांच्या सह्या घ्या आणि कागदाचा फोटो पाचही मोबाइलवर ठेवा.

आणि हे फसवे
"केबीसीची 25 लाखांची लॉटरी लागली" असा व्हॉट्सॲप आला, तर पैसे पाठवू नका. न घेतलेल्या तिकिटावर बक्षीस लागत नाही. खऱ्या बक्षिसाचा कर त्यातूनच कापतात, आधी मागत नाहीत. पैसे गेलेच तर लगेच 1930 वर फोन करा.

तिकीट बहुतेक वेळा लागतच नाही, हे आपल्याला माहीत आहे. पण पाच रुपयांच्या कागदावर लिहायचा कंटाळा करून एका डोंग्यावरची माणसं तोडू नका. आपल्या डोंग्यावरच्या सगळ्यांना हे वाचून दाखवा.

– सचिव