कमरेची धोकटी

सकाळी सहा

आज नळाचा दिवस नाही, त्यामुळं सकाळ निवांत. चहा उकळेपर्यंत खुंटीवरची पिशवी काढतो, अंगणात उलटी करतो आणि बुडावर दोन थापा मारतो. काल भिंतीत पाडलेल्या झिरीची धूळ, वायरीची सालं आणि एखादा हरवलेला स्क्रू खाली पडतो. मग जुन्या टूथब्रशनं शिवण झाडायची. सिमेंटची धूळ टाक्यात बसली की कानशीसारखी दोरा खाते, आणि तिला घामाची ओल लागली की कातडं करपल्यासारखं कोरडं पडतं. पाण्यानं मात्र धुवायची नाही. आमच्या ज्या लातूरला 2016 च्या एप्रिलात मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, तिथं पिशवी धुवायची चैन तशीही कुणाला सुचणार नाही.

माझी आजी या पिशवीला धोकटी म्हणायची. शब्द खरा न्हाव्याचा: वस्तरा, कात्री, नऱ्हाणी ठेवायची चामड्याची पिशवी. मी वायरमन. नऱ्हाणीच्या जागी टेस्टर आला, एवढाच फरक.

साडेआठ

औसा रोडला दुमजली घराचं फिटिंग चालू आहे. पट्टा बांधतो. पट्टा चार बोटं रुंद हवा. दोन बोटांचा पट्टा दुपारपर्यंत कमरेत रुततो आणि संध्याकाळी काळानिळा वळ दाखवतो. पक्कड आणि कटर उजवीकडं, टेस्टर, पेचकस डावीकडं, हातोडी बाजूच्या कडीत. मागं, पाठीच्या कण्यावर, काहीही नाही. शिडीवरून पाठीवर पडलो तर खाली पक्कड नको. भरलेली पिशवी एकदा किराणा दुकानातल्या काट्यावर ठेवली होती, चार किलो दोनशे भरली. हे वजन एकाच बाजूला लटकवून वर्षं काढली की कंबर बोलायला लागते. माझी बोलते.

आमचा पोऱ्या हत्यारं सिमेंटच्या गोणीतून कापलेल्या पिशवीत आणतो. आज आल्या आल्या मोबाइल पुढं धरला. "काका, ही बघा ना, बाराशेला भेटायली. अस्सल लेदर. लई भारी दिसायली."

फोटोत पिशवी रिकामी होती. रिकामी पिशवी सगळ्यांचीच भारी दिसते.

अकरा

मेन स्विच पाडून बोर्ड जोडायचं काम. पोऱ्याला वाटतं, कमरेला चामडं आहे म्हणजे करंटपासून राखण आहे. तसं नाही. सुकं चामडं थोडंफार अडवेल, पण मे महिन्यातल्या घामानं भिजलेलं चामडं म्हणजे मिठाच्या पाण्यात बुडवलेलं फडकं. लाइनमन चामड्याचे हातमोजे घालतात ते रबरी मोज्यांवरून, रबराला भोक पडू नये म्हणून. करंट अडवायचं काम रबराचं. पक्कडीच्या मुठीवर 1000 व्होल्टची खूण आहे का, ते आधी बघायचं. आणि तीही असली तरी स्विच पाडायचाच.

दीड

जेवणाच्या सुट्टीत गंजगोलाई. हातोडीच्या कडीचा एक रिव्हेट सैल झालाय. ही गोल पेठ, सोळा रस्ते तिला येऊन मिळतात. गुळाची, मिरचीची, सोन्याची, चपलांची अशी एकेक बाजू. पिशवी शिवणारे मामा एका बोळाच्या तोंडाशी बसतात. पुढ्यात तिवई, रापी, आरी आणि मेणाचा गोळा.

सात वर्षांपूर्वी मी इथं पिशवी सांगायला आलो, तेव्हा मामांनी माप घेतलंच नाही. म्हणाले, "हत्यारं आण." दुसऱ्या दिवशी नेली. त्यांनी एकेक हातात घेतलं, कुठलं किती वेळा काढतो ते विचारलं, आणि मग कागद कापला.

आज मी पोऱ्याच्या फोटोची गोष्ट काढली. मामांनी खाली पडलेले दोन तुकडे उचलले. एकाची कापलेली कड आतून निळसर. "हे क्रोमचं. मऊ असतंय, पाण्याला टिकतंय, पण खिसा उभा राहत नाही. वर्षात लोळतंय." दुसऱ्याची कड बदामी, बाभळीच्या सालीत कमावलेल्या कातड्याची. हे महाग, कारण क्रोमचं काम एकदोन दिवसांत उरकतं आणि सालीला आठवडे लागतात. पण ते ताठ राहतं, आणि हत्याराचा आकार हळूहळू स्वतःत घेतं. 2015 च्या गोवंश हत्याबंदी कायद्यानंतर बैलाचं कातडं दुर्मीळ झालं, आता काम बहुतेक म्हशीच्या कातड्यावर. ते जाड असतं, आमच्यासारख्यांना बरंच. फक्त पाठीचं बघून घ्यायचं. पोटाचं सैल असतं, भाराखाली लांबतं.

रिव्हेट पितळी बसवला. लोखंडी चालत नाही. सालीच्या कातड्याला लोखंड आणि ओल भेटली की काळा डाग पडतो, आणि त्या डागाशीच कातडं कुजायला लागतं. "अस्सल लेदर" या शिक्क्यानं यातलं काहीच कळत नाही. खालच्या थराच्या सालपटावर रंग चढवला तरी तो शिक्का मारता येतो. कापलेली कड दाखवत नसेल त्या दुकानातून मी तरी घेणार नाही.

साडेपाच

काम सुटायच्या वेळी पाऊस आला. पिशवी भिजली. पोऱ्यानं ती लगेच साइटवरच्या हॅलोजनसमोर धरली, मी ओढून घेतली. आच लागली की कातडं आक्रसतं आणि तडकतं. रद्दी पेपराचे बोळे खिशांत कोंबायचे आणि सावलीत वाऱ्याला टांगायची. उद्याची सकाळ लागली तरी चालेल.

रात्री आठ

भिजलेल्या पिशवीला आज तेल नाही. ते ती पूर्ण सुकल्यावर, आणि एरवी दोन महिन्यांनी एकदा. उन्हाळ्यात मात्र दर महिन्याला, कारण आमचा एप्रिल कातड्यातलं होतं नव्हतं ते सगळं शोषून घेतो. चिंधीवर एरंडेलाचे पाच-सहा थेंब, जास्त नाही. कातड्याला तेल फार झालं की ते लोळतं.

आजोबा मोटेला करडईचं तेल लावायचे, म्हणून मीही एकदा पिशवीला लावलं होतं. लातूरकडं करडईची काय कमी! आठ दिवसांत पिशवी चिकट झाली आणि साइटवरची सगळी धूळ तिच्यावर येऊन बसली. करडईचं तेल हवेत सुकून राळेसारखं होतं. विहिरीत रोज बुडणाऱ्या मोटेला तो लेप हवाच असतो, पिशवीला तो जड जातो. आजोबा चुकले नव्हते, मी मोट आणि धोकटी एकच समजलो.

पिशवी आता पडवीत टांगली आहे, रुंद लाकडी खुंटीवर. खिळ्यावर टांगली की एकाच जागी ताण येऊन कड फाटते. आणि इन्व्हर्टरच्या बॅटरीपासून लांब. तिच्या आम्लाची वाफ कातडं आणि पितळ दोन्ही खाते.

पोऱ्याचा फोन आला. बाराशेची पिशवी अजून मागवली नाही म्हणाला. रविवारी गोलाईत जायचं ठरलं. त्याला सांगितलंय, रिकाम्या हातानं येऊ नको, हत्यारं घेऊन ये.