निळूभाऊंचा पाटील

यंदाच्या हिवाळ्यात पालघरकडच्या आमच्या मासवण पट्ट्यातल्या एका स्नेहसंमेलनात शाळकरी मुलाने निळू फुल्यांची नक्कल केली. तिरकी टोपी, खांद्यावर उपरणं, बाईला वाड्यावर बोलावणारा घोगरा आवाज. टाळ्या, शिट्ट्या. मला ते फार लागलं. 'सामना' चित्रपटाला पन्नास वर्षं होऊन गेली आणि निळूभाऊंचं एवढंच उरलं?

पुण्यातलं माळीकाम, राष्ट्र सेवा दलाचं कलापथक, 'कथा अकलेच्या कांद्याची', मग १९६८ चा 'एक गाव बारा भानगडी' हे सगळ्यांना पाठ आहे. मला बोलायचंय ते सत्तरच्या दशकाबद्दल. १९७२ मध्ये रंगभूमीवर 'सखाराम बाइंडर' आला, त्यात सखाराम निळूभाऊ होते. तारापूरची अणुवीज तेव्हा सुरू झाली होती, पण आमच्या पाड्यांवर कंदीलच. सिनेमा तंबूत बघायचा. निळूभाऊ पडद्यावर आले की बाया कडाकडा बोटं मोडायच्या. पडद्यावरच्या पाटलाचा साखर कारखाना आमच्याकडे कुणी पाहिला नव्हता. सावकार मात्र पाहिला होता. लग्नाच्या कर्जापायी लग्नगडी म्हणून राबलेली, १९४५ मध्ये या वेठीविरुद्ध गोदावरी परुळेकरांच्या हाकेला उठलेली वारली माणसं त्या तंबूत बसलेली असत. त्यांना हा पाटील कुठला, हे सांगावं लागत नव्हतं.

'सामना'तला हिंदुराव धोंडे-पाटील पुन्हा नीट बघा. दारुड्या मास्तरला तो घरी आणतो, पाहुणचार करतो. मास्तर गायब झालेल्या मारुती कांबळेबद्दल विचारू लागतो, तेव्हा निळूभाऊ आवाज चढवत नाहीत. सौजन्य तसंच राहतं, फक्त नजर बदलते, आणि आपल्या पोटात गोळा येतो. समोर श्रीराम लागू, लेखणी विजय तेंडुलकरांची, दिग्दर्शन जब्बार पटेलांचं. १९७५ मध्ये हा चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता. चार वर्षांनी 'सिंहासन'मध्ये तेच निळूभाऊ दिगू टिपणीस झाले: सत्तेचा खेळ जवळून पाहून शेवटी वेडा होणारा पत्रकार. तो कुणी नक्कल करून दाखवत नाही. जमणारही नाही.

पुढे निर्मात्यांनी त्यांना तोच पाटील पुन्हा पुन्हा करायला लावला. 'सारांश'सारखे अपवाद सोडले तर त्या वर्षांत मला रस नाही. दहशत गेली, लंपटपणा तेवढा शिल्लक राहिला. नकलाकारांनी तोच उचलला.

आज आमच्या सूर्या नदीचं पाणी मासवणहून उपसून वसई-विरारला जातं. हे ठरवणाऱ्यांच्या डोक्यावर तिरकी टोपी नसते. हिंदुराव ओळखायला शिकलेला प्रेक्षक आत्ता हवा होता, आणि आपण त्याला उपरण्यावर हसायला शिकवलं.

पडद्यावरच्या याच खलनायकाने डॉ. लागूंच्या बरोबरीने सामाजिक कृतज्ञता निधीसाठी गावोगाव 'लग्नाची बेडी'चे प्रयोग केले. तळागाळात राबणाऱ्या कार्यकर्त्यांना दरमहा चार पैसे मिळावेत, एवढ्यासाठी. १३ जुलै २००९ ला निळूभाऊ गेले. त्यांची नक्कल करून बिदागी घेणाऱ्यांना यातलं काहीच ठाऊक नसतं, याचा मला राग येतो.