दहा बाय बाराचं कोठार

कोपऱ्यावरच्या किराणा दुकानाकडे कधी नीट पाहिलंय? जागा फार तर दहा बाय बारा. आणि त्यात तीन जातींचे तांदूळ, तूरडाळ, साबुदाणा, उदबत्ती, पेनाची रिफिल, पूजेची सुपारी, डासांची कॉइल! एवढा माल मावतो कसा?

मावत नाहीच. दुकानात असतो तो चार-आठ दिवसांपुरता. बाकीचा एजन्सीच्या गोदामात, आणि त्या गोदामाचं भाडं वाणी देत नाही! बिस्किटांचा सेल्समन मंगळवारी, साबणाचा गुरुवारी. तो ऑर्डर लिहून नेतो, टेम्पो माल टाकून जातो. पैसे? बऱ्याचदा पुढच्या फेरीला. म्हणजे पुडे विकून गल्ला भरला, तरी त्यांचं बिल अजून द्यायचंच असतं.

आता दारावरच्या शाम्पूच्या माळा बघा. त्यांना फळीसुद्धा लागत नाही. तमिळनाडूतल्या कडलूरच्या चिन्नीकृष्णन यांनी शाम्पू पुडीत भरला. त्यांचे चिरंजीव सी. के. रंगनाथन यांनी १९८३ साली ‘चिक’ आणला. बाटली न परवडणारं घर गिऱ्हाईक झालं ते इथंच, कोपऱ्यावर.

आणि उधारी? कुणाचा पगार सात तारखेला, कुणाचं उसाचं बिल कधी निघतं, वाण्याला सगळं तोंडपाठ. बँक कागदांची चळत मागते, इथे वहीतली एक ओळ पुरते.

मग सुपरमार्केटवाले? चेन्नईच्या ‘सुभिक्षा’नं देशभर दीड हजारांवर दुकानं उघडली. २००९ साली हातातली रोकड संपली आणि सगळ्यांना टाळं लागलं. २००२ साली पवईत सुरू झालेलं डीमार्ट मात्र फोफावलं. का? संस्थापक राधाकिशन दमाणींनी जागा शक्यतो विकतच घेतल्या. दिखाऊ सजावट टाळली, झटपट खपणारा मालच ठेवला. ही रीत ओळखीची वाटते ना? राहत्या घराच्या पुढच्या खोलीत दुकान मांडणारा वाणी पिढ्यान् पिढ्या हेच करत आलाय!

फरक पैसे चुकते करण्यात. डीमार्ट पुरवठादाराचं बिल लवकर भागवतं आणि त्याबदल्यात भाव पाडून घेतं. त्या भावाला वाणी पुरा पडणार नाही, हे माझं स्पष्ट मत. पण रात्री साडेनऊला फोडणीपुरतं जिरं, तेही उधार, कुठलं सुपरमार्केट देईल?

उद्या दुकानात गेलात की काकांना एवढंच विचारा, बिस्किटवाला कुठल्या वारी येतो? मग पुढचं ऐकत उभे राहा.