किनाऱ्यावरचे ज्वालामुखी (लेखांक ५) : कंपनीचं गाव, लाव्हाचा कडा

अंधेरीच्या गिल्बर्ट हिलला इमारतींनी कसा वेढा घातलाय, ते मागच्या लेखांकात पाहिलं. टास्मानिया बेटाच्या वायव्य किनाऱ्यावरचा 'द नट' त्या मानाने नशीबवान. त्याला वेढा आहे तो समुद्राचा. स्टॅनली हे चिमुकलं गाव एका बाजूने पायथ्याला बिलगलंय, एवढंच.

नटची उंची १४३ मीटर. कडे ताशीव, माथा सपाट. एक कोटीहून अधिक वर्षांपूर्वी इथे लाव्हा थिजला. भोवतालचा मऊ खडक झिजून गेला, कठीण बेसाल्ट तेवढा तग धरून राहिला.

१७९८ मध्ये बास आणि फ्लिंडर्स यांनी गलबतातून टास्मानियाला वळसा घातला, तेव्हा हा कडा युरोपीय नकाशावर आला. गाव मात्र वसवलं कंपनीने. कंपनी सरकार म्हटलं की आपल्याला एकच कंपनी आठवते. पण लंडनहून राजाची सनद घेऊन निघालेल्या आणखीही होत्या. व्हॅन डिमेन्स लँड कंपनीला १८२५ मध्ये सनद मिळाली ती मेंढ्यांसाठी. इंग्लंडच्या गिरण्यांना तलम लोकर हवी होती. पुढच्याच वर्षी माणसं आणि जनावरं नटच्या पायथ्याशी उतरली. आतल्या डोंगराळ कुरणांवर थंडीने मेंढ्या पटापट दगावल्या, तरी कंपनी हटली नाही.

कंपनीचे व्यवस्थापक एडवर्ड कर यांचा 'हायफील्ड' बंगला गावाबाहेरच्या टेकाडावर आहे. १८३०च्या दशकातली ही देखणी वास्तू आज पर्यटकांना खुली आहे. ती बघताना पश्चिमेकडचं केप ग्रिम विसरून चालणार नाही. तिथे फेब्रुवारी १८२८ मध्ये कंपनीच्या मेंढपाळांनी मूळ रहिवाशांची कत्तल केली. जॉर्ज ऑगस्टस रॉबिन्सन यांनी नंतर केलेल्या नोंदींनुसार मृत सुमारे ३०. दंडाधिकाऱ्याचे अधिकारही कर यांच्याच हाती होते. खटला कुणावरच झाला नाही.

गावात ऑस्ट्रेलियाचे पंतप्रधान जोसेफ लायन्स यांचं जन्मघरही आहे. टास्मानियाने देशाला दिलेले हे एकमेव पंतप्रधान. घर मात्र अगदी साधं, लाकडी फळ्यांचं.

नटवर जायला खुर्च्यांचा रोपवे आहे. गुडघे धड असतील त्यांनी नागमोडी पायवाटच धरावी. चढ छातीवरचा आहे, पण थोडक्यात संपतो. माथ्यावर पोचल्यावर वाट सोडू नये, कारण गवताखालची जमीन बिळांनी पोखरलेली असते. ही बिळं शिअरवॉटर या समुद्रपक्ष्यांची. एका जोडीचं हंगामात एकच अंडं. पिल्लू जानेवारीत बाहेर येतं, आणि एप्रिलमध्ये आईबाप त्याला बिळात सोडून थेट उत्तर पॅसिफिककडे निघून जातात! पिल्लू अंगावरच्या चरबीवर काही दिवस काढतं, मग वाट दाखवायला कुणी नसताना त्याच दिशेने उडतं. सप्टेंबरअखेर मोठे पक्षी परततात. दिवसा ते समुद्रावर असतात, बिळांकडे येतात अंधार पडल्यावर. म्हणजे रोपवेच्या शेवटच्या फेरीने उतरणाऱ्यांना दिसतात ती नुसती बिळं.

पुढच्या आठवड्यात कर्नाटकात, मालपेसमोरच्या सेंट मेरी बेटांवर.