अमेरिकेतली बंदूक आणि आपली नोंदवही



गेल्या महिन्यात आमच्या गटाची बैठक झाली. बचत जमा झाली, इतिवृत्तावर सह्या झाल्या आणि चहा येईपर्यंत गप्पा सुरू झाल्या. गटातल्या एका मावशींची नात अमेरिकेत शिकायला गेली आहे. मावशी म्हणाल्या, "तिकडं म्हणे दुकानात बंदूक मिळते. कुणीही जावं अन् घेऊन यावं. त्या देशात कायदा नाही का गं?" त्यावर कोपऱ्यात बसलेली एक सून, जी एरवी बैठकीत फारसं बोलत नाही, ती हळूच म्हणाली, "बायकोला मारणाऱ्यालाही देतात का?"

तेवढ्यात चहा आला आणि विषय बदलला. पण तो प्रश्न आमच्या डोक्यातून गेला नाही. म्हणून आम्ही बसून माहिती काढली. आज तीच तुम्हाला सांगतो.

आधी मावशींच्या प्रश्नाचं उत्तर. कायदा आहे. अमेरिका हा पन्नास राज्यांचा देश. आपल्यासारखेच तिथंही काही कायदे केंद्राचे, काही राज्यांचे. केंद्राच्या कायद्याला तिथं फेडरल कायदा म्हणतात. बंदुकीचा फेडरल कायदा म्हणजे घराचं जोतं समजा. ते सगळ्यांना सारखं. त्यावर भिंत किती उंच बांधायची ते ज्याचं त्याचं राज्य ठरवतं. कॅलिफोर्नियानं भिंत उंच बांधली, टेक्साससारख्या राज्यानं ठेंगणी ठेवली.

आपल्यात आणि त्यांच्यात मुळातच एक फरक आहे. आपल्याकडे १९५९ चा शस्त्र कायदा आहे. बंदूक हवी तर आधी परवान्यासाठी अर्ज करायचा, कारण सांगायचं, पोलिसांची चौकशी व्हायची, मग अधिकाऱ्याला पटलं तर परवाना. तो मिळाल्यावर बंदूक. अमेरिकेत १७९१ पासून राज्यघटनेत शस्त्र बाळगण्याचा हक्क लिहिलेला आहे. २००८ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की हा हक्क प्रत्येक माणसाचा आहे, घरात स्वतःच्या रक्षणासाठी सुद्धा. त्यामुळे बंदूक कुणाला द्यायची याची यादी तिथला फेडरल कायदा करत नाही. कुणाला द्यायची नाही, याची यादी करतो.

ती यादी एका दिवसात झाली नाही. बहुतेक प्रत्येक कायद्यामागं कुणाचं तरी मरण आहे. दारूबंदीच्या काळात गुंडांच्या टोळ्या मशीनगन घेऊन रस्त्यावर उतरल्या, तेव्हा १९३४ मध्ये पहिला मोठा कायदा झाला. मशीनगनची नोंदणी आणि त्यावर २०० डॉलर कर लागला. १९६३ मध्ये राष्ट्राध्यक्ष केनेडी यांना गोळी घातली, ती बंदूक टपालानं मागवलेली होती. पुढं १९६८ मध्ये सुमारे दोन महिन्यांच्या अंतरानं मार्टिन ल्यूथर किंग आणि केनेडींचे भाऊ रॉबर्ट यांचा खून झाला. त्याच वर्षी 'गन कंट्रोल ॲक्ट' आला. टपालानं परराज्यातून बंदूक मागवणं बंद झालं. बंदुकीचा धंदा करणाऱ्यांसाठी सरकारी परवान्याची अट कडक झाली. परवानाधारक दुकानात पिस्तुलासाठी २१ वर्षं आणि लांब बंदुकीसाठी १८ वर्षं वयाची अट आली. आणि कुणाला बंदूक द्यायची नाही त्यांची यादी पक्की झाली.

या यादीत कोण कोण आहे? एक वर्षापेक्षा जास्त शिक्षा होऊ शकेल अशा गुन्ह्यात दोषी ठरलेला. फरारी. अमली पदार्थांचं व्यसन असलेला. मानसिक आजारामुळे न्यायालयाच्या आदेशानं रुग्णालयात ठेवलेला. बेकायदा देशात राहणारा. कायदेशीर व्हिसावर तात्पुरता आलेला परदेशी माणूसही यादीत आहे, शिकारीचा परवाना वगैरे थोडे अपवाद सोडले तर. म्हणजे मावशी, तुमच्या नातीला तिथं सहसा बंदूक घेताच येणार नाही!

पण गिऱ्हाईक यादीतलं आहे की नाही हे दुकानदाराला कळायचं कसं? १९६८ नंतर कितीतरी वर्षं गिऱ्हाईक स्वतः फॉर्मवर लिहून द्यायचं, "मी गुन्हेगार नाही." बहुतेक ठिकाणी तेवढ्यावर काम चालायचं. १९८१ मध्ये राष्ट्राध्यक्ष रेगन यांच्यावर गोळीबार झाला. त्यात त्यांचे माध्यम सचिव जेम्स ब्रेडी यांच्या डोक्याला गोळी लागली आणि ते कायमचे अपंग झाले. ते आणि त्यांच्या पत्नी सेरा यांनी वर्षानुवर्षं पाठपुरावा केला. १९९३ मध्ये ब्रेडी कायदा झाला आणि १९९८ पासून तपासणीची देशभराची यंत्रणा सुरू झाली.

आपण बँकेत कर्ज मागायला गेलो, की साहेब आधी सिबिल बघतात. तसंच हे. गिऱ्हाईक फॉर्म भरतं, ओळखपत्र दाखवतं. दुकानदार फोनवरून किंवा संगणकावरून सरकारी यंत्रणेला विचारतो. बहुतेक वेळा काही मिनिटांत उत्तर येतं, द्या किंवा देऊ नका. यंत्रणेला शंका आली आणि तीन कामकाजाच्या दिवसांत पक्कं उत्तर आलं नाही, तर फेडरल कायद्याप्रमाणे दुकानदार बंदूक देऊ शकतो. ही फट लक्षात ठेवा. २०१५ मध्ये चार्ल्सटन शहरातल्या चर्चमध्ये नऊ माणसं मारणाऱ्याला बंदूक मिळाली ती याच फटीतून.

आता त्या सुनेच्या प्रश्नाकडे येऊ. बायकोला मारणाऱ्याला बंदूक देतात का?

खूप वर्षं सर्रास देत होते. कारण बायकोला मारलं, की गुन्हा बहुतेक वेळा किरकोळ सदरात लिहिला जायचा. आपल्याकडे ठाण्यात गेलं, की "एनसी घेतो, घरी जा" म्हणतात ना, तंतोतंत तसं नाही, पण त्याच चालीचं. आणि बंदूकबंदी होती मोठ्या गुन्ह्याला. नवऱ्यानं दात पाडला तरी कागदावर ते किरकोळच राहायचं, आणि बंदूक कपाटात तशीच.

१९९४ मध्ये पहिली दुरुस्ती झाली. न्यायालयानं बाईच्या बाजूनं संरक्षण आदेश दिला असेल, तर तो लागू आहे तोवर त्या माणसाला बंदूक घेता येत नाही आणि जवळ ठेवताही येत नाही. १९९६ मध्ये न्यू जर्सीचे सिनेटर फ्रँक लाउटेनबर्ग यांनी दुसरी दुरुस्ती आणली. बायकोला, मुलाच्या आईला, घरातल्या जोडीदाराला मारल्याच्या किरकोळ गुन्ह्यात जरी दोषी ठरला, तरी बंदूक बंद. यात पोलीस आणि सैनिक यांनाही सूट नाही. नोकरीवरचं हत्यारसुद्धा हातात घेता येत नाही.

तरी एक बाई बाहेर राहिली. जिचं लग्न झालं नाही, मूल नाही, एका घरात राहणं नाही, पण ज्याच्याशी नातं आहे तो मारतो, अशी. तिच्यासाठी २०२२ मध्ये कायदा वाढवला. टेक्सासमधल्या युवाल्डी गावच्या शाळेत १९ मुलं आणि दोन शिक्षिका मारल्या गेल्यानंतर तो झाला. मात्र इथं सवलत ठेवली, की पहिलाच गुन्हा असेल आणि पाच वर्षं पुन्हा काही केलं नाही, तर हक्क परत मिळतो.

म्हणजे कागदावर उत्तर "नाही, देत नाहीत" असं आहे. पण मैत्रिणींनो, आपण गट चालवतो. कागदावरचं आणि प्रत्यक्षातलं यातलं अंतर आपल्याला माहीत आहे.

टेक्सासमध्येच सदरलँड स्प्रिंग्स नावाचं एक लहान गाव आहे. २०१७ च्या नोव्हेंबरमध्ये एका रविवारी तिथल्या चर्चमध्ये एक माणूस शिरला आणि त्यानं गोळ्या झाडल्या. २६ जीव गेले, त्यात एका बाईच्या पोटातलं बाळही धरलेलं आहे. हा माणूस पूर्वी हवाई दलात होता. बायकोला आणि तिच्या लहान मुलाला मारहाण केल्याबद्दल २०१२ मध्ये लष्करी न्यायालयानं त्याला शिक्षा दिली होती. कायद्यानं त्याला बंदूक मिळायलाच नको होती. पण हवाई दलानं ती शिक्षा देशाच्या यंत्रणेला कळवलीच नाही. दुकानदारानं रीतसर विचारलं, यंत्रणेनं शोधलं, नाव सापडलं नाही, उत्तर आलं, "द्या." २०२१ मध्ये न्यायाधीशांनी या घटनेची ६० टक्के जबाबदारी सरकारवर टाकली.

आपल्या गटात कुणी कर्ज फेडलं आणि सचिवानं वहीत चढवलं नाही, तर काय गोंधळ होतो ते आपण पाहतो. इथं एक नोंद राहिली आणि २६ माणसं गेली.

आणखी दोन फटी आहेत. एक म्हणजे, परवाना नसलेल्या खासगी माणसानं आपल्याच राज्यातल्या दुसऱ्याला बंदूक विकली, तर तपासणी करायचं बंधन फेडरल कायद्यात नाही. काही राज्यांनी ते घातलं आहे, बाकीच्यांनी नाही. दुसरी फट बायकांच्या जास्त जिव्हाळ्याची आहे. संरक्षण आदेशामुळे बंदूक बंद होते ती नवऱ्याला नोटीस देऊन, त्याला बाजू मांडायची संधी देऊन झालेल्या आदेशानंतर. बाई घर सोडून न्यायालयात जाते, त्या दिवशी घाईनं मिळालेला तात्पुरता आदेश या फेडरल बंदीत धरत नाहीत. आणि ते पहिले दिवसच किती धोक्याचे असतात, हे आपल्याला कुणी सांगायला नको. शिवाय घरात आधीपासून असलेली बंदूक जाऊन कुणी आणायची, याची पद्धत फेडरल कायद्यानं घालून दिलेली नाही. ते राज्यांवर सोडलं आहे. कोणाकडे किती बंदुका आहेत याची देशभराची वहीसुद्धा नाही. अशी वही करायला १९८६ च्या कायद्यानं मनाई केली आहे. दुकानात मंजूर झालेल्या तपासणीची नोंदसुद्धा २४ तासांत पुसावी लागते. बंदी असलेल्या माणसांची यादी आहे, पण त्यांच्या घरातल्या बंदुकांची नाही.

एवढ्या फटी असूनही जी भिंत होती, तीही मध्यंतरी पडायच्या बेतात आली. टेक्सासमधल्या एका माणसानं मैत्रिणीला मारहाण केली, ती पळत असताना गोळी झाडली. न्यायालयानं तिला संरक्षण आदेश दिला. तरी त्यानं बंदुका ठेवल्या, पकडला गेला, आणि म्हणाला, की हा कायदाच घटनेविरुद्ध आहे. २०२३ मध्ये तिथल्या अपील न्यायालयानं त्याचं म्हणणं मान्य केलं! देशभरातल्या महिला संघटना हादरल्या. शेवटी जून २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं आठ विरुद्ध एक मतानं सांगितलं, की दुसऱ्याच्या जिवाला धोका आहे असं न्यायालयाला आढळलेल्या माणसाकडून तात्पुरती बंदूक काढून घेणं घटनेत बसतं. भिंत राहिली.

आता तुम्ही म्हणाल, आपल्याला याचं काय? आपल्याकडे कुठं घरोघरी बंदुका आहेत? खरं आहे. पण कोकणात, विदर्भात रानडुकरांपासून पीक राखायला परवान्याच्या बंदुका आहेत. निवडणूक आली की त्या ठाण्यात जमा करायला सांगतात, हे तुम्ही पाहिलं असेल. आणि घरातल्या भांडणात बाईला बंदूकच दाखवावी लागते असं नाही. कोयता पुरतो.

आपल्याकडे २००५ चा कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धचा कायदा आहे. मारहाणीत किंवा धमकीत वापरलेलं शस्त्र जप्त करण्यासाठी संरक्षण अधिकारी पोलिसांची मदत घेऊ शकतो, असं त्याच्या नियमांत लिहिलं आहे. आणि सार्वजनिक शांततेला, सुरक्षिततेला धोका दिसला, तर परवाना देणारा अधिकारी बंदुकीचा परवाना थांबवू किंवा रद्द करू शकतो. म्हणून तक्रार करताना "मारतो" एवढंच सांगू नका. "घरात बंदूक आहे, कोयता दाखवून धमकी दिली, अमुक दिवशी, अमुक वेळी" असं स्पष्ट लिहून द्या आणि अर्जाची पोच मागून घ्या. दवाखान्यात गेलात तर "पाय घसरून पडले" म्हणू नका. खरं कारण सांगा आणि केसपेपरवर लिहून घ्या. वकिलाचे पैसे नाहीत म्हणून थांबू नका, तालुक्याच्या विधी सेवा समितीकडून बाईला मोफत वकील मिळतो. महिला हेल्पलाइन १८१ आणि तातडीसाठी ११२, हे दोन आकडे पाठ करा.

एवढ्या मोठ्या देशाचा कायदा एका न पाठवलेल्या कागदापुढं हरला. आपली बाई तर पहिला कागदच होऊ देत नाही, घराची अब्रू म्हणून. नोंदच नसेल तर उद्या कायदा शोधणार काय?

त्या सुनेला आम्ही पुढच्या बैठकीत हे सगळं सांगितलं आणि तिला विचारूनच आज इथं बोललो. तिनं तो प्रश्न का विचारला, ते आम्ही विचारलं नाही. गटाची वही आमच्या घरी असते आणि दार रात्रीही वाजवलं तरी चालेल, एवढं मात्र सांगितलं. तुमच्याही गटात अशी कुणी कोपऱ्यात बसत असेल, तर तिला तेवढं सांगून ठेवा.

रामराम.