छायालेखकाचा संयम

चित्रपट पाहून घरीं परतल्यावर आपण नटनटींची चर्चा करतों, फार तर दिग्दर्शकाचें नांव काढतों. पण ज्याच्या डोळ्यांनीं आपण तें सर्व पाहिलें, त्या छायालेखकाची आठवण क्वचितच कोणास होते. कोरियांतील जुंग इल-सुंग यांची कामगिरी पाहिली म्हणजे हा अन्याय विशेष जाणवतो.

जुंग यांचा जन्म सन १९२९ चा. सुमारें अर्धशतकभर त्यांनीं हा व्यवसाय केला. सन १९७१ मधील किम की-यंग यांच्या ‘ह्वान्यो’ चित्रपटांत त्यांनीं तांबड्या-निळ्या रंगांचा असा उग्र झगडा मांडला कीं, एका घरांतील मत्सर जणूं भिंतींवर चढला आहे असें वाटावें. पुढें दिग्दर्शक इम क्वोन-तेक यांच्याशीं जोडी जमली व हा उग्रपणा निवळला. सन १९८१ च्या ‘मांदाला’ मध्यें दोन बौद्ध भिक्षु हिवाळ्यांतील उजाड रस्त्यांवरून भटकतात; तेथें माणसें लहान व वाट मोठी दिसते.

या जोडीची कीर्ति झाली ती सन १९९३ च्या ‘सोप्योन्जे’मुळें. सोल शहरांत दहा लाखांहून अधिक प्रेक्षक मिळविणारा हा पहिला कोरियन चित्रपट. एक गाणारा व एक ढोल वाजविणारा एवढ्यावरच चालणारें ‘पान्सोरी’ हें कथागायन त्याचा विषय आहे. चोंगसान्दो बेटावरील दगडी गडग्यांमधून उतरणाऱ्या वाटेनें गायक युबोंग, मानलेली मुलगी सोंग्ह्वा व मुलगा दोंग्हो गात-नाचत येतात. पांच मिनिटांहून अधिक काळ कॅमेरा जागचा हलत नाहीं. दुरून ठिपक्यांसारखीं दिसणारीं माणसें आपल्या पुढ्यांत येऊन ठेपतात.

एवढा संयम कशासाठीं? पुढें मुलगा घर सोडून जातो आणि मुलीच्या गळ्यांत ‘हान’, म्हणजे दडपलेलें दुःख, उतरावें म्हणून युबोंग औषध देऊन तिला आंधळी करतो! तेव्हां ती उजेडांतील वाट आपल्याला आठवते. आपण ती डोळे भरून पाहिलेली असते, म्हणूनच तिच्यापासून काय हिरावलें गेलें हें कळतें. शेवटीं बर्फांतून एका लहान मुलीच्या आधारानें ती चालूं लागते. तो शुभ्र विस्तार आपल्याला दिसतो, तिला नाहीं.

कलेसाठीं पोटच्या पोरीप्रमाणें वाढविलेल्या मुलीचे डोळे घ्यावे काय? चित्रपट न्यायनिवाडा करीत नाहीं. पण जुंग यांची वाट साक्ष देते, आणि ती साक्ष बापाच्या विरुद्ध जाते असें आम्हांस वाटतें. मुलांचें कल्याण आपणांसच कळतें असें मानणाऱ्या प्रत्येक वडीलधाऱ्यानें ती ऐकावी.

सन २००७ मध्यें याच कथेचा पुढील भाग इम यांनीं आपला शंभरावा चित्रपट म्हणून काढला. कॅमेरा जुंग यांचाच होता. सन २०१९ मध्यें बुसानच्या महोत्सवानें त्यांचे निवडक चित्रपट पुन्हां दाखविले. पडद्यामागील मनुष्याचा असा गौरव विरळाच होतो.