संगणक खेळ आपोआप लहान होणे

संगणक खेळ आपोआप लहान होणे, अर्थात मिनिमाइझ होणे, हा वैयक्तिक संगणकावर, विशेषतः विंडोज कार्यप्रणालीवर, वारंवार आढळणारा दोष आहे. खेळ पूर्ण पडद्यावर चालू असताना खेळाडूने कोणतीही आज्ञा न देता तो अचानक टास्कबारमध्ये जातो आणि डेस्कटॉप दिसू लागतो. खेळ बंद पडलेला नसतो. त्याचा आवाज बहुधा चालूच राहतो आणि टास्कबारवरील चिन्हावर क्लिक केल्यास तो पुन्हा पडद्यावर येतो. एकट्याने खेळावयाच्या खेळात ही केवळ गैरसोय असते. काउंटर-स्ट्राइकसारख्या पाच विरुद्ध पाच खेळाडूंच्या ऑनलाइन सामन्यात मात्र खेळ काही थांबत नाही, आणि त्या काही क्षणांपुरता संघ चार जणांचा होतो.

या क्रियेसाठी मराठीत सर्वमान्य शब्द रूढ झालेला नाही. ‘लघुकरण’ हा शब्द व्याकरणदृष्ट्या निर्दोष असला तरी तो कोणी बोलत नाही. त्यामुळे प्रस्तुत लेखात ‘लहान होणे’ व ‘मिनिमाइझ होणे’ हे दोन्ही प्रयोग केले आहेत.

फोकस आणि पूर्ण पडदा

विंडोजमध्ये एका वेळी अनेक विंडो उघड्या असल्या तरी कीबोर्डवरील अक्षरे एकाच विंडोकडे जातात. त्या विंडोकडे ‘फोकस’ आहे असे म्हणतात. वर्गात अनेक विद्यार्थी हात वर करतात, पण बोलण्याची परवानगी एकालाच असते. फोकसचा व्यवहार साधारण तसाच आहे. दुसऱ्या एखाद्या प्रोग्रॅमने फोकस घेतला की पहिल्याकडून तो जातो.

साध्या विंडोला याने काही बाधा येत नाही, ती जागच्या जागी दिसत राहते. जुन्या धर्तीच्या पूर्ण पडद्याची गोष्ट वेगळी आहे. या पद्धतीत खेळ संपूर्ण पडद्यावर एकाधिकार घेतो आणि पडद्याचे रिझोल्यूशनही स्वतःच्या सोयीनुसार बदलू शकतो. फोकस गेल्यावर हा अधिकार सोडणे त्याला भाग असते, अन्यथा दुसरा प्रोग्रॅम पडद्यावर दिसणारच नाही. म्हणून खेळ स्वतःला लहान करून घेतो. याचा अर्थ असा की मिनिमाइझ होणे हा बहुधा खेळाचा बिघाड नसून नियमाप्रमाणे घडणारा परिणाम असतो. खरा प्रश्न फोकस कोणी नेला हा असतो, आणि उपायांचा शोध तेथूनच सुरू करावा लागतो.

डायरेक्टएक्स ९ च्या काळातील खेळांना याचा अधिक त्रास होई. अधिकार सुटताच ग्राफिक्स कार्डावरील चित्रसामग्रीचा काही भाग गमावला जाई आणि परतताना ती नव्याने भरावी लागे. ज्या खेळांनी ही तरतूद नीट केलेली नव्हती, ते परत येताना काळा पडदा दाखवीत किंवा बंद पडत. डायरेक्ट३डी १० पासून ही अडचण पुष्कळ कमी झाली. विंडोज १० मध्ये तर पूर्ण पडद्याचे अनेक खेळ प्रत्यक्षात कडा नसलेल्या विंडोसारखे चालविले जातात, त्यामुळे फोकस जाणे पूर्वीइतके महाग पडत नाही.

फोकस कोण नेतो

सर्वांत अवघड कारण पार्श्वभूमीवर चालणाऱ्या प्रोग्रॅमचे आहे, कारण ते दिसत नाही. अद्ययावत करणारे प्रोग्रॅम, प्रिंटरचे साहाय्यक, विषाणूरोधक, लॅपटॉप कंपनीने आधीच घालून दिलेली उपयुक्तके यांपैकी कोणीही मध्येच विंडो उघडू शकतो. ती क्षणभर चमकून नाहीशी झाली तरी फोकस गेलेला असतो. याचे ठळक उदाहरण २०१७ मधील आहे. मायक्रोसॉफ्ट ऑफिसचे एक पार्श्वभूमी कार्य टास्क शेड्युलरमधून ठराविक काळाने चालत असे आणि त्याची काळी विंडो निमिषमात्र पडद्यावर येई. ज्यांच्या संगणकावर ऑफिस होते, त्यांचे खेळ तासातासाला लहान होऊ लागले. ऑफिसचा आणि खेळाचा संबंध कोणाच्या लक्षात येणे कठीणच होते. पुढे मायक्रोसॉफ्टने सुधारित आवृत्ती देऊन हा दोष दूर केला. अशा नियमित अंतराने होणाऱ्या व्यत्ययामागे नियोजित कार्य असण्याची शक्यता सर्वाधिक असते. खेळ अनधिकृत ठिकाणाहून उतरविलेला असेल तर त्यासोबत आलेला घातक प्रोग्रॅम हेही कारण असू शकते. तेथे मिनिमाइझ होणे हे मूळ रोगाचे केवळ लक्षण ठरते.

दुसरे कारण कीबोर्डचे. विंडोज कळ कंट्रोल आणि ऑल्ट यांच्या मध्ये असल्याने धावपळीत तिला बोट लागते. शिफ्ट कळ लागोपाठ पाच वेळा दाबल्यास ‘स्टिकी कीज’ची विचारणा पुढे येते, उजवी शिफ्ट आठ सेकंद दाबून ठेवल्यास ‘फिल्टर कीज’ची. ज्यांना दोन कळा एकत्र दाबता येत नाहीत त्यांच्यासाठी स्टिकी कीज ही सोय अत्यंत मोलाची आहे. परंतु बऱ्याच खेळांत शिफ्ट म्हणजे धावणे असल्याने खेळाडूच्या बोटाखाली तिचीच आवृत्ती होत राहते.

दोन पडदे जोडलेले असतील तर माउस दुसऱ्या पडद्यावर जाऊन तेथे क्लिक होताच खेळ लहान होतो.

मराठी कीबोर्ड, वीज आणि उन्हाळा

मराठी वापरकर्त्यांपुरता एक प्रकार विशेष नोंदविण्याजोगा आहे. संगणकावर इंग्रजीसोबत मराठी इनस्क्रिप्ट कीबोर्ड असल्यास डावी ऑल्ट आणि शिफ्ट एकत्र दाबल्याने भाषा बदलू शकते. विंडोज कळ व स्पेस यांनीही ती बदलते आणि भाषांची छोटी यादी पडद्यावर येते. तेलंगणास लागून असलेल्या नांदेड जिल्ह्यात व कर्नाटकास लागून असलेल्या लातूर जिल्ह्यात मराठीबरोबर हिंदी, उर्दू, तेलुगू किंवा कन्नड कीबोर्डही एकाच संगणकावर असणे अस्वाभाविक नाही. भाषा बदलली की डब्ल्यू, ए, एस, डी या चालण्याच्या कळा इनस्क्रिप्टमध्ये अनुक्रमे ऐकाराची मात्रा, ओकाराचा काना-मात्रा, एकाराची मात्रा व हलन्त होतात. कळेचे स्थान वाचणाऱ्या खेळांना फरक पडत नाही. अक्षर वाचणाऱ्या खेळांत मात्र पात्र जागीच थिजते. खेळ अडकला असे समजून खेळाडू इतर कळा दाबू लागतो आणि तेवढ्यात खेळ लहान होतो. यासाठी मराठी कीबोर्ड काढून टाकण्याचे कारण नाही. प्रगत कीबोर्ड सेटिंगमध्ये भाषा बदलण्याच्या कळांची जोडी रद्द करता येते आणि भाषा टास्कबारवरून बदलता येते.

विजेचा लपंडाव हे आणखी एक कारण. वीज जाताच यूपीएस संगणक चालू ठेवतो, पण त्याला यूएसबी तारेने जोडलेला प्रोग्रॅम सूचनेची विंडो पुढे आणतो. मॉनिटर यूपीएसला न जोडता थेट भिंतीवरील सॉकेटला जोडलेला असेल तर तो विझतो. विशेषतः डिस्प्लेपोर्ट जोडणीत विंडोजला पडदाच काढून घेतल्यासारखे वाटते व पूर्ण पडद्याचा खेळ लहान होतो. लॅपटॉप चार्जरवरून बॅटरीवर गेल्यास काही यंत्रांत पडद्याचा रिफ्रेश दर बदलतो आणि परिणाम तोच होतो.

उष्णतेमुळे होणारा प्रकार वरवर सारखा, पण मुळात निराळा असतो. मराठवाड्यात एप्रिल-मे महिन्यांत पारा ४० अंशांच्या वर जातो. पंख्यात धूळ साचलेली असेल तर ग्राफिक्स कार्ड अधिकच तापते. कार्डाने दोन सेकंदांत प्रतिसाद दिला नाही तर विंडोज त्याचा ड्रायव्हर नव्याने सुरू करते. पडदा काळा होऊन डेस्कटॉप दिसतो, पण खेळ बहुधा परत येत नाही. इव्हेंट व्ह्यूअरमध्ये ४१०१ क्रमांकाची नोंद आढळल्यास प्रश्न फोकसचा नसून ड्रायव्हरचा किंवा तापमानाचा आहे, हे समजावे.

निदान

खेळ लहान झाल्यावर तो ताबडतोब पुन्हा उघडण्याची घाई करू नये. त्या क्षणी कोणती विंडो पुढे आहे ते पाहावे आणि घड्याळातील वेळ लिहून ठेवावी. तीन-चार नोंदी झाल्या की अंतर नियमित आहे की अनियमित, हे कळते. नियमित असल्यास टास्क शेड्युलरमधील कार्यांच्या ‘शेवटची वेळ’ या रकान्याशी नोंदी ताडून पाहाव्यात. पुढे असलेल्या विंडोची नोंद सतत ठेवणारे छोटे मोफत प्रोग्रॅमही उपलब्ध आहेत. त्यांनी गुन्हेगाराचे नाव थेट हाती लागते.

एवढ्यानेही उलगडा न झाल्यास ‘क्लीन बूट’ करावे, म्हणजे मायक्रोसॉफ्टखेरीज इतर सेवा व आरंभी सुरू होणारे प्रोग्रॅम तात्पुरते बंद करून संगणक सुरू करावा. दोष नाहीसा झाला तर निम्म्या सेवा सुरू करून पुन्हा खेळून पाहावे. दर वेळी उरलेल्यांतील निम्म्या वगळत गेल्यास ३० सेवांमधून दोषी सेवा पाच फेऱ्यांत सापडते. विषाणूरोधक बंद असताना इंटरनेट जोडू नये.

उपाय

सर्वांत सोपा व निर्धोक उपाय म्हणजे खेळाच्या चित्र-सेटिंगमध्ये पूर्ण पडद्याऐवजी कडारहित विंडो, अर्थात ‘बॉर्डरलेस’, हा पर्याय निवडणे. फोकस गेला तरी खेळ दिसत राहतो आणि एका क्लिकने पूर्ववत होतो. जुन्या संगणकावर गती किंचित कमी होऊ शकते. फोकस नेणारा प्रोग्रॅम मात्र याने थांबत नाही.

स्टिकी कीज व फिल्टर कीजचे शॉर्टकट सुलभता विभागातून बंद करावेत. विंडोज कळ निष्क्रिय करण्याची सोय अनेक कीबोर्डांवर असते. नसल्यास मायक्रोसॉफ्टच्या पॉवरटॉइज या मोफत संचातून ती करता येते. सूचनांसाठी विंडोज १० मध्ये ‘फोकस असिस्ट’ व विंडोज ११ मध्ये ‘डू नॉट डिस्टर्ब’ आहे. यांनी कोपऱ्यातील सूचना थांबतात, स्वतंत्र विंडो उघडणारे प्रोग्रॅम थांबत नाहीत. ‘गेम मोड’कडूनही याबाबत फारशी अपेक्षा ठेवू नये, त्याचे काम खेळाला प्राधान्य देण्याचे आहे.

रजिस्ट्रीतील ‘फोरग्राउंड लॉक टाइमआउट’ या मूल्याचा उल्लेख अनेक ठिकाणी रामबाण म्हणून केला जातो. विंडोज ९८ व २००० पासून पार्श्वभूमीवरील प्रोग्रॅमला मनमानीने फोकस घेता येत नाही, त्याचे चिन्ह टास्कबारवर लुकलुकते. ही मर्यादा किती काळ लागू राहावी, हे त्या मूल्याने ठरते. ते मुळातच २,००,००० मिलिसेकंद असते. एखाद्या प्रोग्रॅमने ते शून्य केले असेल तर पूर्ववत करणे उपयोगी पडते; एरवी त्याला हात लावण्यात अर्थ नाही.

परीक्षेतील फोकस

फोकसची हीच यंत्रणा विद्यार्थ्यांपुढे अधिक गंभीर रूपात येते. २०२० मध्ये करोनाकाळात महाराष्ट्रातील विद्यापीठांनी अंतिम वर्षाच्या परीक्षा मोठ्या प्रमाणावर ऑनलाइन घेतल्या. तेव्हापासून घरबसल्या दिलेल्या चाचण्या परिचयाच्या झाल्या. दूरस्थ निरीक्षण असलेल्या अनेक प्रणाली प्रश्नपत्रिकेच्या पानाचा फोकस गेल्याची नोंद करतात आणि ठराविक संख्येनंतर उत्तरपत्रिका आपोआप जमा करतात. फोकस विद्यार्थ्याने घालविला की प्रिंटरच्या प्रोग्रॅमने, हे त्या पानाला कळत नाही. अशा परीक्षेपूर्वी वरील निदान त्याच संगणकावर करून ठेवावे, आरंभी सुरू होणारे अनावश्यक प्रोग्रॅम बंद करावेत, प्रलंबित अद्ययावतीकरण आदल्या दिवशी उरकावे आणि मॉनिटर यूपीएसला जोडावा. तरीही व्यत्यय आल्यास पडद्याचे छायाचित्र वेळेसह ठेवावे. निरीक्षकांकडे दाद मागताना तोच पुरावा असतो. जेईई मुख्य किंवा एमएचटी-सीईटीसारख्या केंद्रावरील संगणकीय परीक्षांत यंत्र केंद्राचे असल्याने ही जबाबदारी विद्यार्थ्यावर येत नाही. तेथे पडदा बदलल्यास स्वतः काही न दाबता पर्यवेक्षकाला बोलवावे.